खमंग किसाचें मूळ शेतांत आहे

शेतकऱ्यानें आपल्या मालाची परीक्षा तराजूवर करावी कीं ताटांत करावी, असा प्रश्न कोणीं विचारिला तर आपणांपैकीं पुष्कळजण हंसतील. गोणी भरली, वजन झालें, पट्टी हातीं आली कीं आपलें कर्तव्य संपलें, अशी आपली समजूत होऊन बसली आहे. प्रस्तुत लेखकाचीही मागील महाशिवरात्रीपर्यंत हीच समजूत होती. ती कशी बदलली हें सांगून, बटाटा पिकविणाऱ्या बंधूंपुढें एक सूचना ठेवावी एवढाच या लेखाचा हेतु आहे.

आमचें शेत कोरेगांव भीमा येथें नदीकांठीं आहे. ऊंस हें मुख्य पीक. तथापि रब्बींत एखादें एकर बटाटा घालण्याचा आमचा प्रघात आहे. त्या दिवशीं नुकताच काढलेला बटाटा घरीं होता. मातोश्रींनीं उपवासाचा कीस करावयास घेतला. किसणीखालीं पाण्याचें थारोळें सांचलें. तव्यावर कीस पडतांच चुरचुर आवाज होण्याऐवजीं नुसती वाफ निघूं लागली. आणि अर्ध्या घटकेनें जें ताटांत आलें तें धड कीस नव्हतें कीं धड भाजी नव्हती. मातोश्री म्हणाल्या, "बाबा, बटाटा आपल्या रानांतला, तूप आपल्या गाईचें, मग हा कीस असा खिरीसारखा कां रे झाला?" या प्रश्नास माझ्यापाशीं उत्तर नव्हतें.

योगायोगानें दुसऱ्याच दिवशीं खेड तालुक्यांतील आमच्या एका आप्तांकडून पाटीभर बटाटा आला. त्याच तव्यावर, त्याच हातांनीं केलेला त्याचा कीस तांबूस, खमंग व कडेनें कुरकुरीत असा उतरला. चौकशी केली तेव्हां कळलें कीं, त्यांनीं काढणीपूर्वीं बारा दिवस पाणी तोडलें होतें व पाला वाळूं दिला होता. मीं मात्र वजन वाढावें म्हणून काढणीच्या चारच दिवस आधीं भरपूर पाणी दिलें होतें. वजन वाढलें, हें खरें. परंतु तें वजन कशाचें होतें, हें मला मातोश्रींच्या तव्यानें सांगितलें.

बटाट्याचा कीस ही केवळ आपल्याच घरची वस्तु नव्हे. स्वित्झर्लंडमधील बर्न प्रांतांतील शेतकरी सकाळच्या न्याहारीस किसलेल्या बटाट्याची जाड पोळी लोखंडी तव्यावर भाजून खात, तिला ते रोश्ती म्हणतात. अमेरिकेंत तोच पदार्थ हॅश ब्राउन या नांवानें घरोघरीं होतो, आणि आतां तो गोठविलेल्या स्थितींत, पाकिटांत घालून पुण्याच्या दुकानांतही विकला जातो. ज्या बटाट्यास आपण त्याच्या पोर्तुगीज नांवानेंच ओळखतों, तो परदेशांतून येऊन आपल्या उपवासाच्या ताटांत जाऊन बसला. आणि आतां त्याचाच कीस परदेशी नांवानें, आपल्या मालाच्या कित्येक पट किंमतीनें, आपल्याच मुलांस विकला जात आहे. याचा खेद करीत बसण्यापेक्षां, कुरकुरीतपणा कशांत असतो तें समजून घेणें अधिक हिताचें होय.

बटाट्यांत सामान्यतः शेंकडा ७५ ते ८० भाग पाणी असतें. उरलेला जो घनांश, त्यांत बहुतेक पिठूळ सत्त्व असतें. जोंपर्यंत किसाच्या पृष्ठभागावर पाणी आहे, तोंपर्यंत त्याची उष्णता १०० अंश सेंटिग्रेडच्या वर फारशी चढत नाहीं, आणि तेथवर कीस शिजतो, परंतु भाजला जात नाहीं. पाणी उडून गेल्यावरच त्यास तांबूस रंग व खमंग वास येतो. आतां हिशेब पाहावा. ज्या बटाट्यांत घनांश शेंकडा १६ आहे, त्यांत एक किलो घनांशामागें सव्वापांच किलो पाणी असतें. ज्यांत तो शेंकडा २१ आहे, त्यांत पावणेचार किलोच असतें. म्हणजे पहिल्या बटाट्याच्या गृहिणीनें तेवढ्याच अन्नासाठीं दीड किलो पाणी अधिक विकत घेतलें, अधिक वाहून नेलें, आणि तें उडविण्यासाठीं सरपण किंवा गॅसही अधिक जाळला.

तथापि चांगला बटाटा असूनही रीत चुकल्यास कीस बिघडतो, म्हणून घरच्या अनुभवानें ठरलेली रीत थोडक्यांत देतों. बटाटा सोलून लांबट किसावा व कीस लगेच थंड पाण्यांत टाकावा. पाणी स्वच्छ दिसेपर्यंत दोनतीनदां धुवावा. यानें वरवरचें सत्त्व निघून जातें व कीस एकमेकांस चिकटून गोळा होत नाहीं. नंतर जाड सुती फडक्यांत बांधून जोरानें पिळावा. पहिल्या धुवणाच्या तळाशीं पांढरें सत्त्व बसतें, तें फेंकूं नये. वरचें पाणी हलकेंच ओतून देऊन तें किसांत पुन्हां मिसळलें असतां पोळी चांगली बांधली जाते. लोखंडी तवा आधीं तापवावा, मग तूप किंवा शेंगदाण्याचें तेल, जिरें व हिरवी मिरची घालावी, आणि अर्ध्या बोटाइतक्या जाडीचा थर पसरून दाबावा. मीठ आधीं घालूं नये, कारण तें पाणी ओढून बाहेर आणतें. तव्यावर पसरतांना वरून भुरभुरावें. झांकण ठेवूं नये. मध्यम आंचेवर, कडा तांबूस होईपर्यंत त्यास उलथन्यानें छेडूं नये. मग ताटलीवर उपडा करून दुसऱ्या बाजूनें भाजावा. बर्नकडील रीत अशी कीं, बटाटा आदल्या दिवशीं सालीसकट उकडून, रात्रभर थंड होऊं देऊन मग किसावयाचा. यानें आंतील सत्त्व घट्ट बसतें व पोळी सहसा मोडत नाहीं. हिरवट झालेला बटाटा मात्र कोणत्याही रीतीस वापरूं नये. त्यांत विषारी द्रव्य वाढलेलें असतें.

आतां दुसरी हकीकत. आषाढी एकादशीस घरचा बटाटा संपला होता म्हणून बाजारांतून शीतगृहांतला आणला. वरील सर्व रीत पाळूनही कीस आंतून कच्चा असतांनाच बाहेरून काळा पडला आणि चवीस गोड लागला. याचें कारण निराळें आहे. बटाटा २ ते ४ अंश उष्णतेंत ठेविला असतां त्यांतील सत्त्वाची कांहीं अंशीं साखर बनते, व ही साखर तव्यावर झपाट्यानें करपते. बेण्यासाठीं तसें साठवण ठीक आहे. तळण्याभाजण्याच्या बटाट्यास सुमारें १० ते १२ अंशांचें साठवण लागतें. असा गोड झालेला बटाटा दोनतीन आठवडे घरांत अंधाऱ्या, हवेशीर जागीं ठेविल्यास त्यांतील साखर पुष्कळशी कमी होते. घरांतील शीतपेटींतही कच्चा बटाटा ठेवूं नये, तो याच कारणास्तव. सन २००२ मध्यें स्वीडनमधील संशोधकांनीं दाखविलें कीं, असे पिष्टमय पदार्थ फार करपविले असतां त्यांत ॲक्रिलामाइड नांवाचें अपायकारक द्रव्य तयार होतें. तेव्हां काळा कीस हा केवळ चवीचा प्रश्न राहिलेला नाहीं. सोनेरी रंगावर थांबावें.

परंतु मूळ मुद्दा शेताचा. घनांश कमी होण्याचीं कारणें आपल्याच हातांतलीं आहेत: भाव चढा दिसला कीं कोंवळा बटाटा काढणें, उशिरां व अतिरिक्त नत्र देऊन पाला हिरवा ठेवणें, काढणीच्या तोंडावर पाणी देणें, आणि पोटॅश देतांना त्याचा प्रकार न पाहणें, कारण क्लोराइडयुक्त पोटॅशपेक्षां सल्फेटयुक्त पोटॅशनें घनांश चांगला राहतो. काढणीपूर्वीं दहाबारा दिवस पाणी तोडून पाला कापला तर साल घट्ट होते व माल टिकतोही. वाणाचेंही तसेंच आहे. सन १९४९ मध्यें पाटण्यास स्थापन झालेल्या व १९५६ मध्यें सिमल्यास हलविलेल्या केंद्रीय बटाटा संशोधन संस्थेनें १९६८ सालीं कुफरी ज्योती व कुफरी चंद्रमुखी, आणि १९९८ सालीं तळण्यासाठीं खास असे कुफरी चिप्सोना वाण दिले. कुफरी पुखराज लवकर व भरघोस येतो, परंतु त्यांत घनांश कमी असतो. रश्श्याच्या भाजीस तो चालतो, किसास नाहीं. पंजाबकडून येणारें बेणें घेतांना आपण भाव विचारतों, डोळे पाहतों, आकार पाहतों; हा बटाटा कोणत्या कामाचा हें मात्र विचारीत नाहीं.

यावर माझे शेजारी म्हणतील, आणि त्यांचें म्हणणें खोटें नाहीं, कीं पाणी तोडून वजन घटवावें तर त्याची भरपाई कोण देतो? बाजारांत बटाटा आकारावर व सालीच्या तकाकीवर विकला जातो. पिठूळ बटाट्यास पाणचट बटाट्याहून एक पैसाही अधिक मिळत नाहीं. म्हणजे जो प्रामाणिकपणें चांगला माल काढील त्यालाच दंड, आणि जो पाणी विकील त्याला बक्षीस, अशी ही व्यवस्था आहे. मीं जें केलें तें अज्ञानानें केलें असें म्हणून सुटका करून घेत नाहीं. बाजारानें मला तेंच शिकविलें होतें.

पण सर्वच खरेदीदार असे डोळे मिटून घेत नाहींत. आमच्याच रस्त्यावर, थोड्या अंतरावर, रांजणगांवच्या औद्योगिक वसाहतींत बटाट्याच्या चकत्या तळण्याचा मोठा कारखाना आहे. अशा कारखान्यांत माल दारांत येतांच त्याचा घनांश पाहतात, चकत्या तळून रंग पाहतात, आणि न उतरल्यास माल परत करतात. कारखानदारास ठाऊक आहे कीं पाण्याचे पैसे देऊन तें पुन्हां तेलांत उडविणें हा दुहेरी तोटा आहे. जें ज्ञान कारखानदारास आहे तें गृहिणीस कां नसावें? आणि जी परीक्षा आपण कारखान्याच्या दारांत मुकाट्यानें देतों, ती आपल्याच खळ्यांत आपण कां करूं नये?

ही परीक्षा करण्यास प्रयोगशाळा लागत नाहीं. ९ लिटर पाण्यांत १ किलो मीठ विरघळवावें व त्यांत प्रत्येक गाड्यांतील दहावीस धुतलेले, कोरडे बटाटे सोडावे. बुडतील ते पिठूळ. त्यांत घनांश ढोबळ मानानें शेंकडा १८ किंवा अधिक समजावा. तरंगतील ते पाणचट. परीक्षा झालेले बटाटे स्वच्छ पाण्यांत धुवून घ्यावे. एक बादली आणि एक किलो मीठ, एवढ्या खर्चांत आपल्या मालाची खरी योग्यता कळते.

माझी सूचना ती ही. आपल्या संस्थेनें येत्या रब्बीपासून सभासदांच्या मालाची ही परीक्षा करून दोन ढीग वेगळे करावे: एक 'किसाचा व तळणाचा', दुसरा 'रश्श्याचा व उकडण्याचा'. दोहोंच्या गोणींवर तसें ठळक लिहावें. वाघोलीपासून पुण्यापर्यंत याच रस्त्यावर हजारों कुटुंबें राहावयास आलीं आहेत. महाशिवरात्र व एकादशीच्या आधींच्या आठवड्यांत पहिल्या ढिगाची त्यांस थेट विक्री करावी, व किलोमागें दोनतीन रुपये अधिक मागावे. जो अधिक भाव येईल तो ज्याचा माल बुडाला त्यालाच मिळावा. गोणीबरोबर किसाची रीत छापलेला कागद द्यावा. तो लिहिण्याचें काम मात्र आपल्या घरच्या स्त्रियांकडे असावें, कारण या विषयांत त्या आपल्याहून जाणत्या आहेत.

कोणी म्हणतील, शहरचा ग्राहक एवढा चोखंदळ नाहीं, तो स्वस्त तेंच घेईल. पहिल्या वर्षीं कदाचित् तसें होईल. परंतु आंब्याची जात, तांदळाचा वाण व गुळाचा रंग विचारून घेणारा हाच ग्राहक आहे. बटाट्याची जात तो विचारीत नाहीं, कारण आपण ती त्यास कधीं सांगितलीच नाहीं. दुसरे कोणी म्हणतील, पाणी तोडल्यानें एकरीं उतारा घटेल. घटेल, हें मान्य आहे. परंतु शेंकडा २१ घनांशाच्या गोणींत शेंकडा १६ च्या गोणीपेक्षां जवळजवळ एकतृतीयांश अधिक अन्न आहे. अन्न पिकविणें हा आपला धंदा. नदीचें पाणी गोणींत भरून पुण्यास पाठविणें हा नव्हे.

यंदा आमच्या एकरांत काढणीपूर्वीं बारा दिवस पाणी तोडावयाचें ठरविलें आहे. वजनांत काय घट येते व मिठाच्या पाण्यांत किती बुडतात, तें याच पृष्ठांत प्रांजळपणें कळवीन. मग तो हिशेब माझ्या बाजूचा असो वा नसो. तोंवर सभासद बंधूंस एवढीच विनंती कीं, गोणीचें तोंड शिवण्यापूर्वीं त्यांतील चार बटाटे घरीं न्यावे, कीस करवून घ्यावा, आणि तो स्वतः खावा. जो बटाटा आपल्या तव्यावर उतरत नाहीं, तो दुसऱ्याच्या तव्यावर कसा उतरेल?