अपील टाकलं म्हणजे ऑर्डर थांबली, असं नसतं!



माझ्या बॅचमध्ये हा प्रश्न हमखास येतो. "सर, काढलेल्या माणसाला परत घ्या आणि मागचा पगार द्या, अशी ऑर्डर झालीय. पण आपण हायकोर्टात गेलोय. मग आत्ता पैसे कशाला द्यायचे?"

माझं मत सरळ आहे. हायकोर्टात जाणं वेगळं आणि स्टे मिळणं वेगळं. स्टेची ऑर्डर होत नाही तोवर खालच्या कोर्टाची ऑर्डर पाळावीच लागते.

आता तुम्ही म्हणाल, "एसटीच्या संपात कुठे कोणाला काय झालं?" हाच चुकीचा धडा बरेच जण घेऊन बसलेत. आठवून बघा. ऑक्टोबर २०२१ च्या शेवटी संप सुरू झाला. दिवाळीच्या तोंडावर, ३ नोव्हेंबरला मुंबई उच्च न्यायालयाने संपाला मनाई केली. तरी गाड्या डेपोतच राहिल्या. महामंडळ अवमान याचिका घेऊन कोर्टात गेलं. विलीनीकरणाच्या मागणीवर मुख्य सचिवांच्या अध्यक्षतेखाली तिघांची समिती बसली आणि तिने विलीनीकरणाला नकार दिला. शेवटी ७ एप्रिल २०२२ ला कोर्टाने सांगितलं, २२ एप्रिलपर्यंत कामावर या. वेळेत येणाऱ्यांची नोकरी जाऊ नये, हेही कोर्टाने पाहिलं.

कोर्ट नरमाईने वागलं, हे खरं. पण मधले पाच महिने हजारो घरांत पगार नव्हता, निलंबन आणि बडतर्फीची पत्रं येत होती. स्वारगेटला ताटकळणाऱ्या प्रवाशांचे हाल वेगळेच. आणि तुमच्या चार माणसांच्या दुकानासाठी कोणी समिती नेमणार नाही.

न्यायालय अवमान अधिनियम, १९७१ प्रमाणे जाणूनबुजून आदेश मोडला तर सहा महिन्यांपर्यंत साधी कैद, दोन हजारांपर्यंत दंड किंवा दोन्ही होऊ शकतं. दोन हजार ऐकून हसू नका, कैद वाचा. प्रोप्रायटरशिप असेल तर कोर्टात उभे तुम्हीच राहणार, दुकानाची पाटी नाही.

मग करायचं काय?

१. ऑर्डरची सर्टिफाइड कॉपी घ्या, मुदतीची तारीख कॅलेंडरवर लिहा.
२. आव्हान द्यायचं असेल तर मुदत संपायच्या आत स्टे मागा. वकिलाच्या "होऊन जाईल"वर विसंबू नका.
३. पैसे बँकेतूनच द्या. समोरचा घेत नसेल तर ते कोर्टात जमा करण्याची परवानगी मागा.
४. खरंच ऐपत नसेल तर मुदतीआधी अर्ज करा, खात्याचे उतारे जोडा. ऐपत नसणं आणि मुद्दाम न देणं यात कोर्ट फरक करतं, पण तो फरक दाखवायचं काम तुमचं.

एक गोष्ट मात्र स्पष्ट बोलतो. एसटीवाल्यांनी कोर्टाचं ऐकायला हवं होतं, असं आपण व्यापारी तेव्हा मोठ्या आवाजात म्हणत होतो. तोच नियम आपल्याला लागू नाही का? कामगाराने ऑर्डर मोडली की ती बेशिस्त आणि मालकाने मोडली की 'लीगल स्ट्रॅटेजी', हे चालणार नाही. तुमची अपील चालते तेवढे महिने समोरच्या घरातही किराणा भरावा लागतो.

ऑर्डर पटली नाही तर जरूर लढा. पण आधी पाळा, नाहीतर स्टे आणा. तिसरा रस्ता तुरुंगाकडे जाऊ शकतो.