कॅमेरा कुणाच्या बापाचा?

मालेगाव म्हटलं की पेपरवाल्यांना दोनच गोष्टी आठवतात. दंगल आणि बॉम्बस्फोट. त्याच गावात, यंत्रमागांच्या खडखडाटात, एक माणूस सिनेमे काढत होता. नासिर शेख त्याचं नाव.

धंदा व्हिडिओ पार्लरचा. लोकांचे सिनेमे दाखवायचे, व्हीसीआरवर कापायचे, जोडायचे. हीच त्याची फिल्म इन्स्टिट्यूट. २००० साली त्यानं ‘मालेगाव के शोले’ काढला. खर्च ५० हजारांच्या आसपास. घोडे परवडेनात, डाकू सायकलवर आले. क्रेन नाय, तर बैलगाडी जुंपली. निर्माता तोच, दिग्दर्शक तोच. शुक्रवारी माग बंद ठेवून पिक्चर बघणारे कामगार आपल्याच गल्ल्या, आपलीच बोली पडद्यावर बघून पोट धरून हसले. पुढं ‘मालेगाव का सुपरमॅन’ आला. सुपरमॅन झाला शफीक शेख, मागावरचा हाडकुळा कामगार. फैजा अहमद खाननं या खटाटोपावर २००८ साली माहितीपट केला, तेव्हा जगाला पत्ता लागला. शफीक पुढं कॅन्सरनं गेला.

आपल्यातले काही शहाणे म्हणतील, ही नुसती नक्कल, टाइमपास. यात क्रांती कुठंय?

नक्कल आहेच. पण सिनेमा काढायला मुंबईची परवानगी लागते, हा समज त्या नकलेनं फोडला. गरिबानं पडद्यावर फक्त रडायचं, मार खायचा, हा अलिखित कायदाही मोडला. मागकामगार आभाळात उडतो, यात मला दहा रडक्या पिक्चरपेक्षा जास्त राजकारण दिसतं.

तरी गब्बर उसनाच होता. परंड्याला लागून करमाळा. तिथल्या जेऊरच्या नागराज मंजुळेनं २०१३ साली ‘फँड्री’ केला, त्यातली गोष्ट कुणाकडून उसनी आणलेली नव्हती. आपल्याला हिंमत नासिरची हवी, गोष्ट नागराजसारखी स्वतःची हवी. नायतर काय होतं? २०२५ साली नासिरवरच हिंदी पिक्चर लागला. गोष्ट मालेगावची, पैसा आणि कॅमेरा पुन्हा मुंबईचा.

आणि कॅमेरा कुणाच्या हातात, हा खेळ नव्हे. २०१६ साली गुजरातेत उना इथं आपल्या पोरांना मारलं. व्हिडिओ मारणाऱ्यांनीच काढला, मिरवत फिरवला. देशभर पोरं पेटून उठली ती तोच व्हिडिओ बघून. म्हणजे आपल्या जखमेचा पुरावासुद्धा त्यांच्याच कॅमेऱ्यातला!

कळंब, भूम, वाशीच्या पोरांनो, आईबाप कोयता घेऊन कारखान्यावर जातात आणि तुमच्या खिशात नासिरच्या कॅमेऱ्यापेक्षा भारी कॅमेरा असतो. त्यात जयंतीच्या डीजेपुढचा नाच तेवढा भरायचा का? काढा सिनेमा. भुताचा काढा, दरोड्याचा काढा, मारामारीचा काढा, हसवणारा काढा. फक्त भूत कुणाच्या वाड्यातलं आणि दरोडा कुणी कुणावर घातला, हे आता आपण सांगायचं.