कोर्टाच्या पायरीआधीची पायरी

शहाण्याने कोर्टाची पायरी चढू नये, असे आपले वाडवडील सांगत. परंतु महानगरपालिकेने घरपट्टी वाढविली अथवा बांधकामाची परवानगी नाकारली, की सुशिक्षित नागरिकाच्याही मनात पहिला विचार येतो तो थेट उच्च न्यायालयाचा. तेथे मात्र त्यास विचारले जाते: कायद्याने दिलेले अपील आपण केलेत काय? ते केलेले नसेल तर अर्ज बहुधा दाखलच होत नाही. आणि मधल्या काळात अपिलाची मुदत टळण्याचे भय असते.

हा दंडक अन्याय्य आहे असे आम्हांस वाटत नाही. घराचे करपात्र मूल्य किती, बांधकाम नकाशाबरहुकूम आहे की नाही, हे प्रश्न पुराव्यानेच सुटावयाचे. म्हणूनच मुंबईबाहेरील महानगरांस लागू असलेल्या १९४९ च्या अधिनियमात करआकारणीविरुद्ध न्यायाधीशाकडे, आणि १९६६ च्या नगररचना अधिनियमात परवानगी नाकारल्यास ४० दिवसांच्या आत राज्य शासनाकडे अपिलाची तरतूद आहे.

परंतु हा दंडक म्हणजे अभेद्य भिंत नव्हे. तो सोयीचा व धोरणाचा नियम आहे, असे सर्वोच्च न्यायालयाने १९५८ मध्येच सांगितले. १९७६ च्या ४२ व्या घटनादुरुस्तीने त्याची भिंत बनविली. १९७८ च्या ४४ व्या दुरुस्तीने ती पाडली. मूलभूत हक्काचा भंग झाला, म्हणणे ऐकून न घेताच निर्णय दिला, अधिकारच नसता हुकूम काढला अथवा कायद्याच्या वैधतेलाच आव्हान असले, तर उच्च न्यायालयाचे दार उघडे आहे, हे १९९८ मध्ये पुन्हा स्पष्ट झाले.

खरा प्रश्न निराळाच आहे. वादातील कर आधी भरल्याखेरीज करआकारणीचे अपील ऐकले जात नाही. अहमदाबादच्या खटल्यात १९७५ मध्ये ही अट वैध ठरली. ज्यापाशी पैसा नाही त्याने काय करावे? आणि घर पाडून झाल्यावर अपील जिंकले तरी त्याचा उपयोग काय? सार्वजनिक जागांवरील अतिक्रमणांसारखे अपवाद वगळता पाडकामाचा हुकूम १५ दिवस अमलात आणू नये, असे सर्वोच्च न्यायालयास १३ नोव्हेंबर २०२४ रोजी सांगावे लागले, यातच सर्व आले.

तेव्हा प्रत्येक हुकुमावर अपील कोठे व किती दिवसांत करावयाचे हे स्वच्छ मराठीत छापलेले असावे, सुनावणीस कालमर्यादा असावी, आणि निकाल लागेपर्यंत हातोडा थांबावा. नागरिकाने आधी ही पायरी चढावी असा आग्रह धरणाऱ्या शासनाने ती पायरी शाबूत ठेवावयास नको काय?