भाड्याच्या अंगणातलं बोर

आपल्या या पानावर मुदत ठेवी, रक्तदाब आणि कोलेस्टेरॉल यांवर नेहमी लिहून येतं. मी आज एका झाडाविषयी लिहिणार आहे. त्यात थोडा पैशाचा आणि थोडा तब्येतीचा हिशेब आहे, म्हणून याच पानावर जागा मागितली.

आम्ही दुबईत मिरडिफला भाड्याच्या व्हिलात राहतो. मागे अंगण म्हणजे जेमतेम दोन गाड्या उभ्या राहतील एवढी वाळू. २०२० साली माझ्या इंग्लंडमधल्या मावसबहिणीनं तिच्या अंगणातल्या क्रॅबॅपलचे फोटो पाठवले. क्रॅबॅपल म्हणजे शोभेचं छोटं सफरचंद. वसंतात पांढऱ्या-गुलाबी फुलांनी झाड भरून जातं, नंतर सुपारीएवढी लाल फळं लागतात, आणि झाड लहान अंगणात मावतं. सौ. म्हणाली, "आपल्याकडे हे असायला हवं." मी इंजिनियर माणूस, म्हणालो, "त्यात काय अवघड आहे?"

एका नर्सरीत परदेशातून आलेलं रोप ३५० दिरहमला मिळालं. नोव्हेंबरात लावलं. मग चांगली माती, शेणखत, हिरवी जाळी आणि ठिबकची नळी असं करत खर्च ११०० दिरहमवर गेला. फेब्रुवारीत चार-दोन कळ्या कशाबशा उघडल्या आणि पानं फुटली, ती मे महिन्यात कडेनं करपली. जुलै २०२१ मध्ये उरली ती काठी.

चूक नर्सरीवाल्याची नव्हती, माझीच होती. जे आधी वाचायला हवं होतं ते नंतर वाचलं. सफरचंदाच्या जातीचं झाड हिवाळ्यात झोपतं आणि आपल्या आत थंडीची मोजणी करत राहतं. साधारण ७ अंशांखालचे कित्येक शे तास भरले, की मगच कळ्या नीट उमलतात. आमच्या धंद्यातल्या भाषेत सांगायचं तर अट पूर्ण झाल्याशिवाय प्रोग्राम पुढे सरकत नाही. दुबईत जानेवारीच्या रात्रीसुद्धा पारा सरासरी १४ अंशांच्या आसपास थांबतो. म्हणजे ही अट इथे कधी पूर्ण होणारच नव्हती. पाणी, खत आणि माया कितीही ओतली तरी नाही. आपल्याकडे हीच जात हिमालयात आनंदानं वाढते आणि सफरचंदाच्या बागांत परागीभवनासाठी मुद्दाम लावतात. ते झाड तिथलं आहे.

शेवटचे चारशे-पाचशे दिरहम मी का घातले, याचा मी नंतर विचार केला. "आधीच एवढे गेलेत, आता सोडायचं कसं?" हे त्याचं खरं कारण. पडलेला शेअर धरून ठेवताना किंवा चुलतभावानं घेतला म्हणून गावाकडे प्लॉट घेतल्यावर आपण हेच म्हणतो. गेलेला पैसा गेला. पुढचा दिरहम टाकताना फक्त पुढचं पाहावं.

ऑक्टोबर २०२१ मध्ये मी त्याच खड्ड्यात बोराचं कलम लावलं. ६० दिरहम. बोराचा हिशेब सफरचंदाच्या उलटा आहे. ते उन्हाळ्यात विश्रांती घेतं. म्हणूनच सोलापूर-नगरकडचे बागाईतदार एप्रिल-मे महिन्यात त्याची छाटणी करतात. नव्या फुटीवर पावसाळ्यात फुलं येतात आणि थंडीत फळं. मुळं खोल जातात, थोडं खारं पाणी आणि हलकी जमीनही चालते. जळगावच्या मेहरूणच्या बोरांची आठवण कितीजणांना असेल! इथल्या लोकांनाही हे झाड परकं नाही. याचाच भाऊबंद सिद्र इथे पूर्वीपासून आहे. त्याच्या फळाला नबक म्हणतात आणि त्याच्या मधाला मोठा मान आहे.

जानेवारी २०२४ मध्ये पहिली ओंजळभर बोरं आली. शेजारच्या बाळाचं बोरनहाण त्याच बोरांनी झालं. नाहीतर दरवर्षी आम्ही बोरांऐवजी चॉकलेटवर भागवत होतो.

ज्यांना लावायचं आहे त्यांच्यासाठी चार गोष्टी. घरमालकाची परवानगी लेखी घ्या. भिंत आणि पाइप यांपासून दोन-तीन मीटर लांब लावा. काटे असतात, तेव्हा मुलांच्या वाटेवर नको. पहिली दोन वर्षं पाणी बेतानं पण नियमित द्या आणि बुंध्याभोवती पालापाचोळ्याचा थर ठेवा. इथल्या नळाचं पाणी समुद्राचं खारं पाणी गोडं करून येतं, ते दुपारच्या उन्हात ओतणं हा अपव्यय आहे. आणि झाडाचं काम सकाळी लवकर करा. १५ जून ते १५ सप्टेंबर दुपारी साडेबारा ते तीन उन्हात कामगारांना राबवायला सरकारचीच बंदी आहे, मग आपण तरी का बाहेर पडावं? दिवसभर एसीत बसणाऱ्या माझ्यासारख्याला ती सकाळची वीस मिनिटं फार मानवली. क जीवनसत्त्वानं भरलेली बोरं मिळतात ती वेगळीच.

आता खरी गोष्ट. मागच्या महिन्यात घरमालकांची नोटीस आली. त्यांच्या मुलासाठी घर हवं आहे, नियमाप्रमाणे बारा महिन्यांची मुदत. मित्र म्हणाले, "बघ, सांगत होतो ना, भाड्याच्या घरात कशाला झाड लावायचं?" आपला व्हिसा नोकरीला बांधलेला, घर दुसऱ्याचं, मग खर्च कशाला, हा विचार मलाही पटतो. त्याच विचारानं आपण दहा-दहा वर्षं भिंतीला खिळासुद्धा न ठोकता काढतो.

पण हिशेब करून पाहिला. खड्डा आणि माती आधीचीच होती. कलम, थोडं खत आणि पाणी धरून तीन-चार वर्षांत शंभर-दीडशेच्या वर खर्च नाही. एका कुटुंबाच्या एका हॉटेलच्या जेवणाएवढा. त्यात सावली मिळाली, फळं मिळाली, मुलीला कलम म्हणजे काय ते कळलं. हा पैसा बुडाला असं मला वाटत नाही. क्रॅबॅपलचे ११०० मात्र बुडाले, कारण ते झाड मी जागा न पाहता फोटो पाहून आणलं.

घरमालकांना भेटायला गेलो तेव्हा झाडाचं काय करणार ते विचारलं. ते म्हणाले, "सिद्र आहे, राहू दे." मी फक्त छाटणी कधी करायची ते एका कागदावर लिहून दिलं. नव्या घराला अंगण असेल की नाही ठाऊक नाही. नसलं तर गॅलरीत कुंडीत कढीपत्ता लावू. क्रॅबॅपलची फुलं पाहायला मात्र बहिणीकडे जाऊ.