ग्रामसभा म्हटलं की नाक मुरडणाऱ्यांसाठी



अभ्यासवर्गात पेसा कायद्याचा विषय काढला तेव्हा एक तरुण ताडकन म्हणाला, "ताई, बाबासाहेबांनी खेड्याला अज्ञानाची गुहा म्हटलंय, आणि तुम्ही ग्रामसभेला अधिकार द्या म्हणता?" संविधान सभेतलं 4 नोव्हेंबर 1948 चं भाषण त्याने वाचलं होतं, बरं वाटलं. कायदा मात्र वाचला नव्हता.

अमेरिकेत वॉशिंग्टन राज्यातल्या आदिवासींनी 1850 च्या दशकात सरकारशी करार केले. जमीन गेली, मासेमारीचा हक्क राखला. त्याच कराराच्या जोरावर 1974 मध्ये माशांतला अर्धा वाटा मिळवला आणि 2018 मध्ये माशांची वाट अडवणारे रस्त्याखालचे नळे बदलायला राज्याला भाग पाडलं. आपल्या वारली-कातकऱ्यांशी असा करार कुणी केला नाही. आपल्याकडे करार एकच, संविधान. त्यातली पाचवी अनुसूची, तिच्यावर उभा 1996 चा पेसा, पुढे 2006 चा वनहक्क कायदा. ओडिशात नियमगिरीच्या 12 ग्रामसभांनी 2013 मध्ये बॉक्साइटची खाण नाकारली ती याच बळावर.

आता त्या तरुणाचा प्रश्न. बाबासाहेबांना नको होती ती गावकी, जिथे जमीनवाला बोलतो आणि आपली वस्ती गावकुसाबाहेर उभी राहते. पेसा तर पाड्यालाही गाव मानतो! कातकरी पाडा स्वतःची ग्रामसभा मागू शकतो, पाटलाच्या ओट्याखाली हात वर करायला जायची गरज नाही. ही गावकी झाली, की गावकी मोडणं झालं?

म्हणूनच ती घालवायची घाई आहे. रस्ते, कालवे अशा प्रकल्पांना केंद्राने 2013 मध्येच ग्रामसभेच्या संमतीतून सूट दिली, आदिम जमातींचा तेवढा अपवाद ठेवून. 2022 च्या नियमांनी केंद्राची मंजुरी आधी आणि हक्कांचं राज्याने नंतर बघायचं, असं करून ठेवलं. आपल्याकडे आणखी सोपी वाट आहे: गाव महापालिकेत घ्या, ग्रामसभा आपोआप संपते. 2009 ला वसई-विरार महापालिका झाली तेव्हा नळ येतील, रस्ते येतील म्हणून आपण टाळ्या वाजवल्या. मीही वाजवल्या. मग डोंगर पोखरणाऱ्याला अडवणार कोण, नगरसेवक?

वसई तालुक्यातली काही गावं आजही अनुसूचित क्षेत्रात आहेत. येत्या 26 नोव्हेंबरला उद्देशिका वाचून पेढे वाटण्याआधी तिथल्या एखाद्या पाड्यावर जाऊ. पाड्याने ठराव करायचा, प्रस्ताव प्रांताकडे द्यायचा. पाडा काय ठरवतो ते पाडा बघेल. कागद लिहायला मला चार पोरं-पोरी हवी आहेत.