चेंडूला विटाळ नव्हता

गेल्या स्नेहसंमेलनात क्रीडा-पारितोषिके वाटताना प्रमुख पाहुणे म्हणाले, "खेळाला जात नसते." आपण सर्वांनी टाळ्या वाजवल्या. मीही वाजवल्या. घरी जाताना मात्र मला बाळू पालवणकर आठवले आणि टाळ्यांची जरा घाईच झाली असे वाटले.

बाळू चर्मकार समाजातले. पुण्यात इंग्रजांच्या जिमखान्यावर महिना चार रुपयांवर ते मैदान राखण्याचे काम करीत. साहेबांना सरावासाठी चेंडू टाकता टाकता त्यांचा डावा हात तयार झाला. ग्रेगसारखा नामांकित फलंदाज त्यांच्या फिरकीवर तासन्‌तास सराव करी. बॅट साहेबाच्या हाती. बाळूंनी फक्त चेंडू टाकायचा. माझे वडील मोंढ्यात पोती वाहतात. म्हणून एकाने राबायचे आणि दुसऱ्याने धावा मोजायच्या, ही रीत मला नवी वाटत नाही.

पुढे पुण्याच्या हिंदू मंडळींना इंग्रजांना हरवायचे होते, म्हणून बाळूंना संघात घेतले गेले. त्यांच्या बोटांनी फिरवलेला चेंडू सवर्ण खेळाडू आनंदाने झेलत. चहाच्या वेळी मात्र बाळू बाहेर, मातीच्या भांड्यात चहा पीत. जेवणाचे पानही वेगळे. म्हणजे चेंडूला विटाळ नव्हता, कपाला होता! गरज होती तिथे रूढी वाकली. गरज नव्हती तिथे ती ताठच राहिली.

१९०६ साली मुंबईत हिंदूंनी युरोपियनांचा १०९ धावांनी पराभव केला, त्यात बाळूंचा मोठा वाटा होता. तोवर त्यांची तिशी आली होती. उमेदीची वर्षे साहेबांच्या सरावात गेलेली. १९११ च्या इंग्लंड दौऱ्यात त्यांनी ११४ बळी घेतले. तरी प्रथम श्रेणीचे सामने त्यांच्या वाट्याला आले अवघे ३३. त्यांत बळी १७९.

कोणी म्हणेल, अखेर गुणांची कदर झालीच ना? माझ्या मते गुणांचा उपयोग झाला. कदर ही निराळी गोष्ट आहे. इतके सामने जिंकून देणाऱ्या माणसाला हिंदू संघाचे कर्णधारपद मिळाले नाही. १९२० साली त्यांचे धाकटे भाऊ विठ्ठल आणि शिवराम यांनी निषेध म्हणून संघातून माघार घेतली. १९२३ साली विठ्ठल कर्णधार झाले. बाळूंचा खेळ तेव्हा संपला होता.

हा जुना इतिहास झाला असे म्हणावे, तर माझाच एक अनुभव आड येतो. गेल्या वर्षी जिल्ह्यातल्या एका गावी आम्ही सामना जिंकला. मी चार बळी घेतले होते. नंतर ओसरीवर चहा आला. सर्वांना स्टीलच्या पेल्यात. मला आणि माझ्या एका मित्राला कागदी कपात. कदाचित पेले कमी पडले असतील. पण ते नेमके आम्हा दोघांनाच कसे कमी पडले?

मी चहा प्यालो आणि गप्प बसलो. आमचा कर्णधारही गप्प बसला. विठ्ठल आणि शिवराम गप्प बसले नव्हते, हे त्या वेळी मला ठाऊक नव्हते. आता ठाऊक आहे. म्हणून मित्रहो, पुढच्या वेळी कोणी "खेळाला जात नसते" म्हणाले, की टाळ्या वाजवण्याआधी चहा कोणाला कशात दिला आहे, तेवढे पाहा.