मिलिंद: भुंगा की राजा?

आमच्या ताईच्या लेकीला गेल्या महिन्यात मुलगा झाला. बाळ-बाळंतीण खुशाल आहेत, पण नातेवाईक मात्र नाहीत. कारण नाव! नामकरण तोंडावर आलंय आणि रोज रात्री फोनवर नवी यादी येते. रेयांश, कियान, विहान, अद्विक... ही सगळी मुलं उद्या एकाच वर्गात बसणार आहेत आणि बाई हाक मारतील तेव्हा एकदम सातजण उठणार आहेत, हे आत्ताच दिसतंय.

भाचीचं म्हणणं साधं होतं. नाव छोटं हवं, फारसं कुणाचं नसावं, आणि परदेशात गेलं तरी लोकांना उच्चारता यावं. तिच्या ऑफिसात कुणीतरी ग्रीक नावांची यादी काढून मुलीचं नाव ठेवलं, तर हिनेही ती यादी मागवली. "मामा, ग्रीक नावांना फार छान अर्थ असतात," असं मला सांगत होती. मी म्हटलं, अगं, ग्रीक नाव हवं तर यादी कशाला? आपल्या नागसेनवनात पाटीवर लिहिलंय की. मिलिंद!

त्या दिवसापासून मी घरात खलनायक आहे. म्हणून माझं म्हणणं एकदाच नीट इथे लिहून टाकतो. नातेवाईक मंडळी हे वाचतात हे मला ठाऊक आहे. वाचावं आणि मग फोन करावा.

आधी नावाची कुळकथा. इसवी सनापूर्वीच्या दुसऱ्या शतकात आजच्या अफगाणिस्तानापासून पंजाबपर्यंतच्या मुलखावर ग्रीक राजे राज्य करत होते. त्यांतला सगळ्यांत मोठा मेनान्द्रोस. त्याची राजधानी सागल, म्हणजे बहुधा आजचं सियालकोट. त्याची नाणी दोन भाषांत असत. एका बाजूला ग्रीक अक्षरं, दुसऱ्या बाजूला खरोष्ठी लिपीत प्राकृत, त्यात 'महाराज' आणि 'त्राता' ही बिरुदं. ग्रीक 'आन्द्रोस' आणि आपला 'नर' हे एकाच जुन्या शब्दाचे वंशज. 'मेन' या अर्ध्या भागाबद्दल दोन मतं आहेत. एक म्हणतं तो 'मेनोस', म्हणजे बळ, जोम, आणि हा शब्द आपल्या 'मनस्'चा सख्खा भाऊ. दुसरं म्हणतं 'मेनो', म्हणजे ठाम राहणे. म्हणजे अर्थ माणसांचं बळ, किंवा माणसांपुढे ठाम उभा राहणारा. दोन्ही वाईट नाहीत.

या मेनान्द्रोसचं पालीत झालं मिलिंद. 'न'चा 'ल' होणं आपल्याला काही नवं नाही. संस्कृतातल्या निंबाला आमच्या खेड्यात लिंबच म्हणतात. भिक्खू नागसेन आणि हा राजा यांच्या प्रश्नोत्तरांचा पाली ग्रंथ म्हणजे 'मिलिंदपञ्ह', मिलिंदाचे प्रश्न. ब्रह्मदेशात तर हा ग्रंथ त्रिपिटकातच धरतात.

आता भुंग्याकडे येतो. ताईने बाळांच्या नावांचं पुस्तक उघडलं आणि त्यात मिलिंद या शब्दापुढे छापलंय, 'भुंगा'. झालं! "माझ्या नातवाचं नाव भुंगा ठेवायचं का?" असा प्रश्न आला. पुस्तक खोटं बोलत नाही. संस्कृतात मिलिंद म्हणजे भ्रमर असा शब्द आहे आणि कवींनी तो वापरलाही आहे. महाराष्ट्रात कित्येक मिलिंद याच अर्थाने झाले असणार. मुंबईचे क्रिकेटपटू मिलिंद रेगे १९४९ साली जन्मले, म्हणजे आमच्या औरंगाबादला कॉलेज निघायच्याही आधी. उच्चार एक, घराणी दोन. पण पुस्तकवाल्याने एकच घराणं छापावं आणि दुसऱ्याचा उल्लेखही करू नये, हे मला खटकतं. मराठवाड्यात, विदर्भात, मुंबईच्या चाळींत ज्या बापांनी पोरांची नावं मिलिंद ठेवली, त्यांतल्या बहुतेकांच्या डोक्यात कमळावरचा भुंगा नव्हता हो! सिद्धार्थ, राहुल, गौतम, नागसेन या नावांच्या रांगेतलं ते नाव होतं.

आणि ते तिथे कसं आलं हे या शहरातल्या माणसाला सांगायला नको. तरी भाचीच्या पिढीसाठी सांगतो. मराठवाडा १९४८ साली निजामाच्या राजवटीतून सुटला तेव्हा इथून पदवीसाठी बहुतेकांना हैदराबाद गाठावं लागायचं. डॉ. बाबासाहेब आंबेडकरांच्या पीपल्स एज्युकेशन सोसायटीने १९५० साली औरंगाबादेत कॉलेज काढलं. पुढे कॉलेजचं नाव झालं मिलिंद महाविद्यालय आणि परिसराचं नाव नागसेनवन.

माझे बाबा १९६४ साली जालन्याकडच्या एका खेड्यातून पत्र्याची पेटी घेऊन या कॉलेजात आले. आमच्या घरात मॅट्रिकच्या पुढे गेलेले ते पहिले. मिलिंद हा शब्दच त्यांनी तिथे पहिल्यांदा ऐकला. वसतिगृहातल्या एका मोठ्या मुलाला त्यांनी विचारलं, मिलिंद म्हणजे कोण? तो म्हणाला, एक राजा होता, वादात भिक्खूकडून हरला. बाबांना तेव्हा प्रश्न पडला की हरलेल्या राजाचं नाव कॉलेजला कशाला? जिंकला तो नागसेन ना?

मला वाटतं सगळी गोष्ट या प्रश्नात आहे. बाबासाहेबांना हा राजा का आवडला, तर त्याला आपल्या विद्वत्तेची घमेंड होती, आपल्याशी वाद घालील असा माणूस त्याला भेटत नव्हता, आणि तो भेटल्यावर त्याने हार कबूल केली. राजा असून! याला म्हणतात बौद्धिक प्रामाणिकपणा. आणि योजना बघा. झाडं, जमीन, सगळा परिसर दिला गुरूच्या नावाला, आणि ज्या इमारतीत पोरं जाऊन बसणार तिला नाव दिलं प्रश्न विचारणाऱ्याचं. ज्यांच्या आज्या-पणज्यांना प्रश्न विचारायची मुभाच नव्हती, त्या पोरांच्या कॉलेजला! याच कॉलेजात शिकवत असताना गंगाधर पानतावणे यांनी 'अस्मितादर्श' चालवलं आणि दलित साहित्यातली कितीतरी माणसं तिथे लिहिती झाली. म्हणजे नाव कामालाही आलं.

दाजींचा आक्षेप वेगळा. ते म्हणतात, मिलिंद म्हणजे पंचावन्न वर्षांचा, बँकेतून स्वेच्छानिवृत्ती घेतलेला, हाफ बाह्यांचा शर्ट घातलेला माणूस. डोळ्यांसमोर बाळ येतच नाही. हे मात्र खरं आहे. :) गेल्या पंधरा वर्षांत मी ज्या ज्या बारशांना जेवलो त्यांत एकही मिलिंद नव्हता. पण भाचीला फारसं कुणाचं नसलेलं नाव हवं होतं ना? मग आणखी काय हवं? ओम, आर्या, ईशान हीसुद्धा एकेकाळी जुनीच नावं होती. पंचावन्न वर्षांचे मिलिंदही जन्मले तेव्हा पाळण्यातच होते.

आता खरा अडचणीचा आक्षेप. तो जावयांच्या धाकट्या भावाचा. शांत मुलगा आहे, फारसा बोलत नाही, म्हणून त्याचं बोलणं मी जास्त मनावर घेतलं. तो म्हणाला, "मामा, पुण्यात भाड्याने घर बघताना मला आधी पूर्ण नाव विचारतात. आडनाव ऐकलं की दोन दिवसांनी फोन येतो, घर दुसऱ्याला दिलं म्हणून. आडनाव तर पोराला मिळणारच आहे. नाव तरी असं ठेवा की त्यावरून कुणाला काही कळू नये."

यावर मी लगेच काही बोललो नाही. ज्याला ते भोगावं लागलंय त्याला तत्त्वज्ञान सांगणं सोपं असतं. हिशोबाने बघितलं तर मिलिंदवरून काही कळत नाही. मिलिंद सोमण आहेत, मिलिंद गुणाजी आहेत, मिलिंद देवरा आहेत, आणि प्रल्हाद शिंद्यांच्या घरातले गायक मिलिंद शिंदेही आहेत. इतक्या वेगवेगळ्या घरांत सुखाने नांदणारी नावं मराठीत फार नाहीत. हे उत्तर मी त्याला देऊ शकलो असतो. पण मला ते द्यायचं नाही. लपायला सोयीचं म्हणून हे नाव ठेवणार असाल तर माझी विनंती आहे, ठेवू नका. मग भुंगाच बरा. नाव ठेवायचं तर पोराने कुणी विचारल्यावर सांगावं की हो, तो राजा, ते कॉलेज, आणि माझे पणजोबा त्यात शिकले. घर न देणाऱ्याला कारण हवंच असेल तर ते त्याला कियानमध्येही सापडेल.

नावाला काय एवढं महत्त्व, असं ज्याला म्हणायचं असेल त्याने ते मराठवाड्यात येऊन म्हणू नये. आमच्या शहराने खडकी, फतेहनगर, औरंगाबाद आणि २०२३ पासून छत्रपती संभाजीनगर अशी नावं पाहिली. विद्यापीठाला बाबासाहेबांचं नाव देण्याचा ठराव १९७८ साली विधिमंडळात झाला आणि नाव प्रत्यक्षात लागलं १४ जानेवारी १९९४ रोजी. मधल्या सोळा वर्षांत गावोगाव घरं जळली, माणसं गेली. आमच्या घरात तो विषय अजूनही जेवताना काढत नाहीत. असो.

शेवटचा आक्षेप आमच्या एका काकांचा, की नाव परकं, यवनाचं आहे. काका, तुमचा मुलगा केंद्र सरकारच्या नोकरीत आहे. हा 'केंद्र' शब्द ग्रीक 'केन्ट्रॉन'वरून आला. ज्योतिषी पत्रिकेत 'होरा' बघतो, तो ग्रीक. बाजारातला 'दाम' हा ग्रीक द्राख्माच. एवढं सगळं पचलं, मग एका बाळाचं नाव अडतंय होय?

उलट बाजूही बघा. कार्ल्याच्या चैत्यगृहात धेनुकाकटच्या यवनांनी खांब दान दिल्याचे लेख आहेत. त्या यवनांची नावं काय, तर सिहधय, यसवधन. नाशिकच्या लेण्यात उत्तरेकडून आलेल्या एका यवनाने लेणं कोरवलं, त्याचं नाव इंद्राग्निदत्त. म्हणजे ते इथे आले आणि त्यांनी बिनतक्रार आपली नावं घेतली. आपण त्यांचं एक घ्यायला दोन हजार वर्षांनी कुरकुरतोय! आणि पैठण काही लांब नाही आपल्याला. पहिल्या शतकातल्या एका ग्रीक खलाशाने लिहिलेल्या 'पेरिप्लस' या व्यापारी वर्णनात पैठण आणि तेरचा माल गाडीवाटेने भडोच बंदरावर जातो अशी नोंद आहे. त्याच वर्णनात म्हटलंय की भडोचला अजून मेनान्द्रोसची जुनी द्राख्मा नाणी चालतात. राजा मरून दोनशे वर्षं होत आली होती तेव्हा. पैठणच्या एखाद्या व्यापाऱ्याने ते नाणं हातात घेऊन वाजवून पाहिलं असेलच की.

भाचीसाठी एक गोष्ट मुद्दाम ठेवली आहे. 'मिलिंदपञ्ह'मधला राजाचा पहिला मोठा वाद कशावरून आहे? नावावरून! राजा विचारतो, आपलं नाव काय? भिक्खू म्हणतात, मला नागसेन म्हणतात खरं, आईबाप नावं ठेवतातच, पण ती फक्त हाक मारण्याची सोय. नागसेन म्हणून आत कुणी सापडणार नाही. राजा खवळतो. मग भिक्खू त्याला विचारतात, तू रथातून आलास ना, मग सांग, आस म्हणजे रथ का? चाकं म्हणजे रथ का? जू म्हणजे रथ? राजा एकेकाला नाही म्हणत जातो आणि शेवटी स्वतःच कबूल करतो की या सगळ्यांच्या जोडणीला आपण रथ म्हणतो एवढंच. दोन हजार वर्षांपूर्वी हे भांडण झालं आणि ते आमच्या फोनवरच्या भांडणापेक्षा बऱ्याच सभ्यपणे झालं, हे नमूद करतो.

पुढच्या चर्चेसाठी तर त्यांनी अटही ठरवली. नागसेन म्हणाले, पंडितासारखा बोलणार असशील तर बोलतो, राजासारखा बोलणार असशील तर नाही. पंडित चूक निघाली तर मानतात आणि रागावत नाहीत. राजे विरोधात बोलणाऱ्याला शिक्षा करतात. मिलिंदाने पंडिताची अट मान्य केली. ताई, दाजी, काका, पुढचा फोन या अटीवर करू या. मीही पाळीन.

राहता राहिला 'मिल्या'. ते होणारच, आपल्याकडे कुणाचं टळलंय? पण ग्रीक यादीतली जी नावं भाचीने मला पाठवली होती त्यांचंही आम्ही औरंगाबादकर काय करू, याची मी तिला आधीच कल्पना देऊन ठेवली आहे.